नववा बघू की दहावा?

‘फास्ट अँड फ्युरिअस’ ह्या गाड्यांच्या हॉलिवूडपटांचे पाच-सहा भाग टीव्हीवर तुकड्यातुकड्यांनी बघून झालेत आणि शनिवारी रात्री एक तरी धड बघायचाय, असं असेल तर प्रश्न २०२१चा ‘एफ नाइन’ की २०२३चा ‘फास्ट एक्स’, एवढाच उरतो. लांबी सारखीच, दोन तास वीस मिनिटांच्या आसपास. विन डिझेलचा डॉम दोन्हीकडे तोच, बिनबाह्यांचा बनियन घालून ‘फॅमिली’चा जप करणारा. तेव्हा हीरोचं सोडा, व्हिलन बघून ठरवा.

‘एफ नाइन’मध्ये व्हिलन आहे जॉन सीना, डॉमचा सख्खा धाकटा भाऊ. आठ भाग कुटुंब-कुटुंब करून कान किटवणाऱ्या माणसाला एक भाऊही आहे, हे आपल्याला नवव्यात कळतं! भावकीचं भांडण आपल्याला काही नवीन नाही. पण सीनाला विनोद छान जमतो आणि इथे बिचाऱ्याला जबडा आवळून उभं केलंय. डॉमच्या टोळीतला, आधीच्या भागात मेलेला हानही परत येतो. कसा, ते फार विचारत बसू नका.

मजा आहे ती चुंबकांची. एडिनबरात चुंबकाने ओढलेली गाडी दुकानातून आरपार येऊन ट्रकला चिकटते, तेव्हा मी सोफ्यावर टाळी वाजवली होती. सोफ्यावर, कारण देशात तो ऑगस्टमध्ये लागला आणि महाराष्ट्रातली करोनामुळे बंद असलेली थिएटरं उघडली २२ ऑक्टोबरला. पुढे टोळीतलेच रोमन आणि तेज पाणबुड्यांचे जुने सूट घालून, पाठीला रॉकेट बांधलेल्या पॉन्टिअ‍ॅक फिएरोत बसून चक्क अवकाशात जातात. त्याआधी रोमन अंगावरचं जॅकेट निरखतो. गोळ्यांनी चाळण झालीय आणि ह्याला खरचटलेलंही नाही! आपण जे म्हणणार ते पात्रच म्हणून टाकतं, मग भांडायला जागा उरत नाही. घरात आठ-दहा वर्षांची पोरं असतील तर हाच लावा.

‘फास्ट एक्स’ मात्र जेसन मोमोआचा. त्याचा दांते म्हणजे पाचव्या भागातला व्हिलन रेयेस, त्याचा मुलगा. रिओच्या रस्त्यांवरून डॉम आणि त्याचा जोडीदार ब्रायन ह्यांनी जी तिजोरी फरपटत नेली, त्यात ह्याचा बाप गेला आणि पैसाही. एका प्रसंगात केसांचे दोन अंबाडे घालून दांते हिरवळीवर निवांत बसलाय, शेजारच्या दोघांशी गप्पा मारत त्यांच्या नखांना नेलपॉलिश लावतोय. ते दोघं मेलेले आहेत. बाकी सगळे कपाळाला आठ्या घालून फिरत असताना हा एकटाच मजा करतोय. रोममध्ये रस्त्यावरून गडगडत निघालेला तो भलामोठा गोल बॉम्ब मोठ्या पडद्यावर बघण्यासारखा होता, घरी आवाज चढवून बघा.

पण चित्रपट उसवलेला आहे. शूटिंग सुरू झाल्यावर काही दिवसांतच दिग्दर्शक जस्टिन लिन बाहेर पडला आणि लुई लेतेरिए आला. डॉमची बायको लेटी एकीकडे, रोमनची टोळी लंडनमध्ये, डॉम तिसरीकडे, आणि लंडनचा भाग तर रेंगाळतोच. शिवाय गोष्ट संपतच नाही. धरणाच्या भिंतीवरून गाडी खाली येते, आता खरी जुंपणार म्हणेपर्यंत पडदा काळा. आमच्या थिएटरात मागच्या रांगेतून एकजण ओरडला, “अरे, हे काय!”

मला विचाराल तर दहावाच, पण आदल्या रात्री २०११चा ‘फास्ट फाइव्ह’ बघून, नाहीतर दांतेचा राग पोचत नाही. एकच रात्र असेल आणि अर्धवट सोडलेली गोष्ट सहन होत नसेल, तर नववा.

आणि श्रेयनामावली सुरू झाली म्हणून रिमोट उचलू नका. दोन्हीकडे नंतर एकेक प्रसंग आहे, आणि दहाव्यातला माणूस बघून तुम्ही नक्की शिट्टी मारणार.