८२० चं भय दाखवून माझे २६,५०० नेले

बोअरच्या पाण्यात फ्लोराइड ८२० निघालं, मर्यादा १ आहे, असं सांगून एका विकणाऱ्यानं माझ्या गळ्यात २६,५०० ची आरओ मशीन मारली. रोख ८,५०० आणि १,५०० चे १२ हप्ते. अडाणी म्हणायचं तर म्हणा. पण आमच्या यवतमाळ जिल्ह्यात फ्लोराइडचं भय खोटं नाही. दातांवर तपकिरी डाग, ताठरलेली कंबर, हे सगळं डोळ्यांनी पाहिलं आहे. त्यात आईचे गुडघे धरलेले.

आधी त्यानं पाण्यात दांड्या बुडवायचा खेळ केला. ग्लासात करंट सोडला, पाणी तपकिरी झालं. ती लोखंडाची दांडी विरघळते हो, पाण्यातली घाण नव्हे! आरओच्या पाण्यात क्षार कमी, करंट जात नाही, म्हणून ते स्वच्छ राहतं. आठ दिवसांनी इंग्रजी रिपोर्ट आणला. ८२० च्या बाजूला त्यानं निळ्या पेनानं १ लिहून गोल केला. दुसऱ्या हाताचा अंगठा शेजारच्या रकान्यावर, शेवटपर्यंत तिथंच. अकरावीतली पोरगी म्हणाली, "बाबा, युनिट त पाहू द्या." मी म्हटलं, "तू चहा मांड." तिथंच मी बुडालो. १५ लिटरच्या फवारणी पंपाला किती मिली औषध लागतं हे मी झोपेत सांगतो, आणि तो अंगठा बाजूला कर म्हणायचं मला सुचलं नाही.

पाच हप्ते गेल्यावर पोरीनंच कागद काढला. अंगठ्याखाली होतं मायक्रोग्रॅम प्रति लिटर. १,००० मायक्रोग्रॅम म्हणजे १ मिलिग्रॅम. माझं पाणी ०.८२! पिण्याच्या पाण्याच्या भारतीय मानक १०५०० ची मर्यादा १ मिलिग्रॅम प्रति लिटर, दुसरं पाणीच नसेल तर १.५. लिटरमागं ८२० मिलिग्रॅम असतं तर ते पिऊन आमचं घर उभं राहिलं असतं का? पीपीएम म्हणजे पाण्यात मिलिग्रॅम प्रति लिटरच धरा, पीपीबी म्हणजे मायक्रोग्रॅम. नायट्रेटची मर्यादा ४५ मिलिग्रॅम. कुणी ३०,००० दाखवले तर आधी एकक वाचा, मायक्रो असेल तर हजारानं भागा. आणि टीडीएसच्या, म्हणजे पाण्यातले एकूण क्षार मोजायच्या पेनावर फ्लोराइड वेगळं दिसत नाही, कुणी काहीही सांगो.

पोलीस ठाण्यात गेलो. "आकडा खरा आहे, सही तुमची आहे, गुन्हा कशाचा?" अरे, आकडा खरा पण माप लपवलं, ही फसवणूक नाही? ग्रामपंचायतीत पाणी तपासायची पेटी आहे, गावातल्या बायांना शिकवलंही होतं. पेटी कपाटात, किल्ली सचिवाकडं, सचिव मीटिंगला. तीन चकरा. तालुक्याच्या प्रयोगशाळेत म्हणाले, बाहेरचा रिपोर्ट आम्ही वाचून दाखवत नाही, ग्रामपंचायतीचं पत्र आणा. पत्र कुणाकडं? त्याच सचिवाकडं! एक ओळ वाचायला कुणाच्या बापाचं काय जात होतं? आम्ही पाणीपट्टी भरतो ती कशासाठी?

नमुना विकणाऱ्याच्या हाती देऊ नका. बाटली स्वतः भरा, स्वतः पोचवा. पाणी खरंच जास्तीचं निघालं तर उकळून फ्लोराइड जात नाही, तेव्हा आरओला माझा विरोध नाही.

१९१५ या ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार नोंदवली आहे. जिल्हा ग्राहक आयोगात ५ लाखांपर्यंतच्या दाव्याला फी नाही, तो अर्जही पोरीच्या हातानं लिहून दिला. १६,००० गेले. उरलेले १०,५०० मी भरणार नाही. मागच्या सोमवारी तीच पांढरी गाडी शेजारच्या गावात मारुतीच्या पारापाशी उभी होती.