सहा महिने डॉ. ग्रॉससोबत: कॅसेट की ब्ल्यू-रे?

मृत्यूची खरी-खोटी दृश्यं दाखवणाऱ्या 'फेसेस ऑफ डेथ' या चित्रपटमालिकेच्या पहिल्या तीन भागांच्या अमेरिकन कॅसेट आणि पहिल्या भागाची ब्ल्यू-रे सहा महिने आलटून-पालटून वापरल्यावर मत पक्कं झालंय. निवेदन करणारा नट मायकेल कार याचं काम बघायचं, तर कॅसेटच हवी.

पडद्यावर कार म्हणजे पॅथॉलॉजिस्ट डॉ. फ्रान्सिस ग्रॉस. पात्र काल्पनिक, पण 1978, 1981 आणि 1985 चे तिन्ही भाग त्याच्याच खांद्यावर उभे आहेत. 1990 च्या चौथ्या भागात निवेदक बदलला आणि मालिकेचा कणाच मोडला. दिग्दर्शक जॉन ॲलन श्वार्ट्झने टोपणनावाने, साधारण साडेचार लाख डॉलरात पहिला भाग उभा केला. खऱ्या चित्रणात बनावट प्रसंग मिसळले. सॅन डिएगोच्या विमान अपघातानंतरचं दृश्य खरं, कत्तलखाना खरा (ज्यांना सोसत नाही त्यांनी तो सरळ पुढे ढकलावा). माकडाचा मेंदू मात्र फ्लॉवरचा, आणि विजेच्या खुर्चीतल्या माणसाच्या तोंडचा फेस टूथपेस्टचा. खरं असो वा खोटं, कारचा सूर तोच: सावकाश, कोरडा, शवविच्छेदनाचा अहवाल वाचावा तसा. बनावट प्रसंगाला तो जराही जास्त जोर देत नाही, म्हणून खऱ्या-खोट्यातला सांधा कानाला लागत नाही. हे सोपं काम नाही.

ब्ल्यू-रेवर डोळा चुगली करतो. मेकअपची कड दिसते, रक्ताचा रंग रंगासारखा दिसतो. व्हीएचएसला, म्हणजे कॅसेटला, आडव्या दिशेने तपशील जेमतेम 240 रेषांचा, रंगाचा त्याहून बराच कमी. लाल रंग कडेबाहेर पसरतो आणि जोड झाकला जातो.

आता अडचणी. आपल्याकडचा पाल (भारतातली जुनी टीव्ही पद्धत) व्हीसीआर अमेरिकन कॅसेटची एनटीएससी पद्धत चालवणारा आहे का, ते आधी बघा. नसेल तर चित्र लोळतं किंवा रंग जातो. हाय-फाय (सुधारित ध्वनिमुद्रण) येण्याआधीच्या टेपांवर आवाज फक्त वरच्या कडेच्या अरुंद पट्टीत असतो. ती कड चुरगळली की चित्र ठीक राहतं, पण कारचा आवाज मात्र गुदमरतो. खालची कड चुरगळली तर ट्रॅकिंग, म्हणजे टेपवरची नोंद वाचण्याची जुळणी, सुटतं. टेप शाबूत असून आवाज दबलेला असेल, तर ऑडिओ हेड (यंत्रातला आवाज वाचणारा भाग) 99 टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसा. चित्र वाचणाऱ्या फिरत्या ड्रमला मात्र त्याच अल्कोहोलने ओलं शॅमॉय (मऊ चामडं) स्थिर धरून ड्रम हाताने फिरवायचा. वर-खाली घासलं की हेडचं टोक तुटतं.

रिळावर पांढरी बुरशी दिसली तर ती कॅसेट यंत्रात घालूच नका, पुढच्या प्रत्येक टेपला लागण होते. बरीच वर्षं पडून असलेली टेप आधी शेवटपर्यंत पुढे नेऊन परत गुंडाळा. एवढं करूनही चित्राचा वरचा भाग झेंड्यासारखा वाकडा फडकत असेल, तर लाइन टीबीसी (चित्राच्या प्रत्येक रेषेची वेळ सुधारणारं सर्किट) असलेला व्हीसीआर लागेल.

वेष्टनावरची '46 देशांत बंदी' ही जाहिरात आहे, त्यासाठी जादा पैसे मोजू नका. पैसे मोजायचे ते वरची कड सरळ असलेल्या टेपसाठी. विकणाऱ्याकडून कॅसेटची पुढची झडप उघडून काढलेला टेपचा फोटो मागवा.