मारासचं गुलाबी मीठ: वरून भुरभुरा, वरणात नको

इंदूरमधल्या पलासियाच्या एका दुकानात दक्षिण अमेरिकेतल्या पेरू देशाचं हे मीठ मिळालं. 200 ग्रॅमचे 450 रुपये. सासूबाई म्हणाल्या, "एवढ्यात वर्षाचं मीठ येतं गं!" खरंच आहे.

मारास हे कुस्को भागातलं, अँडीज पर्वतात सुमारे 3,300 मीटर उंचीवरचं गाव. समुद्र जवळ नाहीच. डोंगरातून खारट झरा निघतो, त्याचं पाणी उतारावरच्या 3,000 हून जास्त लहान वाफ्यांत खेळवतात, उन्हाने आटलं की मीठ खरवडतात. हा उद्योग इंकांच्या, म्हणजे तिथल्या जुन्या साम्राज्याच्याही आधीपासूनचा. वाफे गावातल्याच कुटुंबांचे. बाकी पोट बटाटे, मका, जव आणि पर्यटकांवर. 2019 पासून पर्यटकांना वाफ्यांमधून फिरू देत नाहीत. बरंच केलं, सगळीकडे चपला घेऊन घुसायचं कशाला?

खडे जाड, दाताखाली कुरकुरतात. काकडी, जामफळ (पेरू), भुट्ट्याचा कीस यांवर एकदम झकास. वरणात मात्र काही फरक कळत नाही, पैसे पाण्यात. आणि पोह्यांवर जीरावनच (आपला इंदुरी चटपटीत मसाला), तिथे वाद नको. पाकिटावर आयोडीनचा उल्लेख नाही, तेव्हा रोजच्या स्वयंपाकाला नेहमीचंच मीठ ठेवा. पाचपैकी साडेतीन.