क्योटोची मंदिरं दाखवतो म्हणून आम्हाला लुबाडलं, जपानला जाणाऱ्यांनी जरूर वाचा

हे सगळं सविस्तर लिहितेय कारण हल्ली आईवडिलांना घेऊन जपानला जाणारी आपली मंडळी खूप वाढलीत आणि ज्या माणसाने आम्हाला फसवलं तो नेमका अशांनाच गाठतो. स्वतः मराठी बोलतो, फोनवर 'ताई'शिवाय हाक नाही, आणि पहिल्याच कॉलला विचारतो की सोबत ज्येष्ठ कोण आहेत, गुडघ्यांचा त्रास आहे का, कांदा-लसूण चालतो का. परक्या देशात कुणी एवढी आपुलकीने चौकशी केली की कुणालाही वाटेल चला, आपला माणूस भेटला.

आम्ही चौघं होतो, आई, बाबा, मावशी आणि मी. क्योटोमधली शिंटो (जपानचा स्वतःचा पारंपरिक धर्म) देवस्थानं आणि बौद्ध मंदिरं एका दिवसात गाइडसोबत बघायची असा बेत. त्याने माणशी 18,000 येन सांगितले, म्हणजे चौघांचे 72,000, आपले 40 हजारांच्या आसपास. त्यात हॉटेलपासून प्रायव्हेट व्हॅन, जपान सरकारचं लायसन्स असलेला गाइड, शाकाहारी जेवण आणि सगळी एंट्री तिकिटं इन्क्लुडेड असं मेसेजमध्ये स्पष्ट लिहिलेलं, स्क्रीनशॉट आजही माझ्याकडे आहेत. यादीत फुशिमी इनारी, सांजूसांगेन्दो, कियोमिझुदेरा, यासाका, किंकाकुजी आणि शेवटी अराशियामाचं बांबूचं बन. निम्मे पैसे आधी यूपीआयने भारतातल्याच एका सेव्हिंग खात्यावर, उरलेले त्या दिवशी रोख.

त्या दिवशी नऊला येणारी व्हॅन सव्वादहाला आली. फोनवरचा माणूस आलाच नाही, एक दुसराच तरुण मुलगा गाइड म्हणून आला आणि गाडी चालवायलाही तोच. बसल्या बसल्या उरलेले पैसे घेतले आणि वर म्हणाला की फुशिमी इनारीला आता प्रीमियम एंट्री सुरू झालीये, माणशी 1,500 येन, ते पॅकेजमध्ये येत नाही, रोखच द्यावे लागतील. मी म्हटलं मेसेजमध्ये तर सगळं इन्क्लुडेड आहे, तर म्हणे ताई तो जुना रेट, आता गर्दीमुळे रूल बदललाय. 6,000 येन तिथेच गेले.

आता ऐका. फुशिमी इनारीला तिकीटच नाहीये. दिवसाचे चोवीस तास, बारा महिने ते उघडं असतं आणि कुणीही कधीही आत जाऊ शकतं. समोर मोठी तोरी, म्हणजे देवस्थानाची कमान, मग 1589 साली तेव्हाचा जपानचा सत्ताधीश तोयोतोमी हिदेयोशीने बांधवलेला दरवाजा, आणि मागे डोंगरभर पसरलेल्या त्या हजारो केशरी तोरी. आम्ही चालत आत गेलो तेव्हा शाळेची पोरं आत-बाहेर पळत होती, एक आजी कुत्र्याला फिरवत होत्या, कुठे काउंटर नाही, गेट नाही, पास बघणारं कुणी नाही. विचारलं तर म्हणे आपली ग्रुप एंट्री ऑनलाइन झालीये. आणि वरच्या रस्त्याला पाचेक मिनिटं गेलो नाही तोच पुढे आज बंद आहे म्हणून परत फिरवलं, आमच्या डोळ्यांदेखत बाकीचे लोक वर जात होते तरी.

एवढं एक लक्षात ठेवलंत तरी खूप झालं: जपानमधली शिंटो देवस्थानं, म्हणजे ज्यांच्या दारात तोरी असते ती, आवारात जायला बहुतेक ठिकाणी फुकट असतात. यासाका फुकट, हेइआन देवस्थान फुकट (मागची बाग बघायची असेल तर तिकीट), बांबूचं बन तर सार्वजनिक रस्ताच. पैसे लागतात ते क्योटोच्या बऱ्याच मोठ्या बौद्ध मंदिरांत, आणि तेही किती? आम्ही गेलो तेव्हा किंकाकुजी 500 येन, कियोमिझुदेरा 500, सांजूसांगेन्दो 600. म्हणजे आमच्या यादीतल्या सहाच्या सहा जागांची तिकिटं मिळून माणशी 1,600 येन होत होती, आणि त्यातलं सांजूसांगेन्दो त्याने दाखवलंच नाही.

मला सगळ्यात जास्त चीड याचीच आहे. मावशी या टूरला तयार झाली तीच मुळी सांजूसांगेन्दोसाठी. सुमारे 120 मीटर लांबीचा एकच लाकडी हॉल, 1164 साली बांधलेला, जळाल्यावर 1266 ला पुन्हा उभारलेला, आणि त्यात कान्नोनच्या 1001 मूर्ती, कान्नोन म्हणजे आपला अवलोकितेश्वर, करुणेचा बोधिसत्त्व. त्यांच्या पुढे 28 रक्षक देवता उभ्या आहेत आणि त्यांत आपला ब्रह्मा आहे, इंद्र आहे, गरुड आहे. मावशीने हे कुठेतरी वाचलं तेव्हापासून तिच्या डोक्यात तेच होतं, पुण्याहून निघायच्या आधीपासून तिचं एकच, बाकी काही राहिलं तरी चालेल पण तेवढं दाखव. आणि हा मुलगा गाडी चालवता चालवता सांगतो, मावशी ते आज मेंटेनन्ससाठी बंद आहे, त्याऐवजी तुम्हाला एक खास जागा दाखवतो, तिथे टूरिस्टना नेत नाहीत.

ती खास जागा म्हणजे एक दुकान. बाहेर पाटी नाही, खिडक्यांना आतून पडदे, आत गेल्या गेल्या दार लोटून घेतलं. ग्रीन टी, सांधेदुखीची कॅप्सूल, उदबत्त्या आणि जपमाळा. तिथल्या बाईंनी आईचा हात हातात घेऊन मनगटात लाकडी मण्यांची माळ घातली आणि आमचा गाइड भाषांतर करतोय की ही कियोमिझुदेराच्या भिक्षूंनी मंत्रून दिलेली आहे, बाहेर कुठेच मिळत नाही. 12,000 येन. आई देवभोळी आहे, अंगावर घातलेली माळ काढून परत द्यायला तिला कसंतरीच झालं. त्याच दुपारी कियोमिझुदेराकडे चढत जाणाऱ्या गल्लीत तसल्याच मण्यांच्या, तसल्याच गोंड्याच्या माळा 1,500 येनला टांगलेल्या बघितल्या. त्या दुकानात आमचा सव्वा तास गेला. शाकाहारी जेवण म्हणून मिळालं काय तर कन्व्हिनियन्स स्टोअरमधले भाताचे त्रिकोणी गोळे, त्यातल्या दोनांत मासा निघाला, बरं तर बरं मावशीने आधी फोडून पाहिलं.

पुढचं मात्र बाबांमुळे कळलं. बाबांची सगळी नोकरी एसटीत गेली, त्यांची नजर आधी गाडीच्या नंबर प्लेटवरच जाते. दुपारी ते मला बाजूला घेऊन हळूच म्हणाले, अगं आपल्याकडे भाड्याच्या गाडीला पिवळी पाटी असते, इथल्या टॅक्सींना हिरवी दिसतेय, मग आपल्या व्हॅनला पांढरी कशी? बरोबर होतं त्यांचं. जपानमध्ये पैसे घेऊन प्रवासी नेणाऱ्या गाडीची प्लेट हिरवी आणि अक्षरं पांढरी असतात. पांढरी प्लेट म्हणजे खाजगी गाडी, आणि तिथे पिवळी दिसली तरी फसू नका, ती छोट्या इंजिनच्या खाजगी गाडीची असते. खाजगी गाडीत असे पैसे घेऊन प्रवासी फिरवणं तिकडे बेकायदेशीर आहे, याला 'शिरोताकु' म्हणजे पांढरी टॅक्सी म्हणतात आणि अपघात झाला तर विम्याचे पैसे मिळतील याचा काही भरवसा नाही. किंकाकुजीजवळ तर या मुलाने गाडी पार्किंगमध्ये न नेता लांब एका गल्लीत लावली आणि आम्हाला पढवलं, कुणी विचारलं तर सांगायचं की आम्ही याचे नातेवाईक आहोत, फिरायला आलोय. माझ्या सत्तरीच्या आईवडिलांना परदेशात पोलिसांपुढे खोटं बोलायला सांगत होता! तेव्हा मी त्याला गाइडचं कार्ड मागितलं. घरी राहिलंय म्हणाला.

कार्डाचंही सांगते, कारण यात लोकांचा गोंधळ होतो. जपानमध्ये 2018 च्या जानेवारीपासून लायसन्स नसलेला माणूसही पैसे घेऊन गाइडचं काम करू शकतो, तो गुन्हा नाही, आणि त्यात उत्तम माणसंही असतात. पण सरकारी परीक्षा पास झालेल्या गाइडकडे नोंदणीचं कार्ड असतं, काम करताना ते जवळ ठेवावंच लागतं आणि मागितलं की दाखवावं लागतं, आणि ज्याच्याकडे ते नाही त्याला ती पदवी लावता येत नाही. आमच्याकडून पैसे 'लायसन्स्ड' म्हणून घेतले होते. त्यामुळे बुकिंगच्या आधीच विचारा की गाइड नक्की कोण येणार आहे आणि कार्डाचा फोटो पाठवा, खरा असेल त्याला राग यायचं काही कारणच नाही.

किंकाकुजीला पोचलो तेव्हा पाच वाजायला वीस मिनिटं होती, पाचला बंद होतं. तिकिटासाठी पुन्हा माणशी 1,000 मागत होता पण खिडकीवर इंग्रजीत 500 चा बोर्ड स्वच्छ दिसत होता, आम्ही आमचे आम्हीच काढले. तिथलं तिकीट ताईतासारखं, सुंदर अक्षरात लिहिलेला लांब कागद असतो, आईने तो पाकिटात जपून ठेवलाय. सोन्याचा महाल धावतपळत बघितला (तो 1950 ला जाळला गेला होता, आताचा 1955 चा). बांबूचं बन ट्रॅफिकच्या नावाखाली रद्द, आणि साडेपाचला हॉटेलवर. रात्री मेसेज केला की सांजूसांगेन्दो, अराशियामा आणि वरचे घेतलेले पैसे परत करा. आधी 'बघतो ताई', मग ब्लॉक.

दुसऱ्या दिवशी आम्ही क्योटो स्टेशनवरून सिटी बस पकडून स्वतःच सांजूसांगेन्दोला गेलो, बसचे 230 येन. काउंटरवरच्या काकांना विचारलं काल बंद होतं का, तर ते चक्रावूनच गेले, म्हणाले वर्षभर रोज उघडं असतं. आत फोटो काढू देत नाहीत. गरुडाच्या तोंडाशी बासरी आहे, पंख मागे, चोच पुढे, आणि मावशी त्याच्यापुढे किती वेळ उभी होती ते मी बघितलं नाही, आम्ही तिला घाई केली नाही. हे तिला आदल्या दिवशी, सगळ्यांसोबत, पैसे भरून मिळायला हवं होतं.

फुशिमी इनारीलाही पुन्हा गेलो, क्योटो स्टेशनवरून जेआर नारा लाइनने दुसरंच स्टेशन, 150 येन, बाहेर पडलं की समोरच. गाइड हवाच असेल तर स्वयंसेवक गाइडही मिळतात, त्यांची फी नसते, प्रवास, जेवण आणि तिकिटांचा खर्च आपण करायचा, फक्त आधी ठरवावं लागतं.

ज्यांचे पैसे आधीच असे गेलेत त्यांनी गप्प बसू नका. अजून जपानमध्येच असाल तर परदेशी पर्यटकांसाठी 03-5449-0906 ही ग्राहक तक्रारींची लाइन आहे, सोमवार ते शुक्रवार चालू असते, आणि 050-3816-2787 ही जपानच्या राष्ट्रीय पर्यटन संस्थेची चोवीस तास, दोन्हीकडे इंग्रजीत बोलतात. पैसे भारतातल्या खात्यात यूपीआयने गेले असतील तर 1930 या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला लगेच फोन करा, जितका उशीर तितके पैसे पुढे सरकतात, आणि बँकेलाही लेखी कळवा. कार्डाने भरले असतील तर बँकेकडे डिस्प्यूट टाकता येतो, म्हणून शक्यतो कार्डानेच भरा. आमची तक्रार नोंदवली आहे, पैसे अजून आलेले नाहीत, आणि त्याच माणसाची नोव्हेंबरच्या लाल पानांच्या सीझनची जाहिरात नव्या नंबरवरून पुन्हा फिरतेय, तेच शब्द, तीच यादी, त्यात अजूनही 'सर्व एंट्री तिकिटं इन्क्लुडेड, फुशिमी इनारीसह' असं लिहिलेलं आहे. ती कुणाला आली तर स्क्रीनशॉट मला पाठवा, तक्रारीला जोडायचाय.