बाळंतपणाचा धसका बसलेल्यांनी इथे नक्की जा

डिलिव्हरीत जे घडलं ते डोक्यातून जात नसेल तर कर्वे रोडच्या या काउन्सेलिंग सेंटरला जा, मी अगदी मनापासून सांगतेय. मुलगा झाला तेव्हा मला भयंकर ब्लीडिंग झालं, रक्त चढवलं, नुसती पळापळ, कोणी धड काही सांगेना आणि घरी आल्यावर सगळ्यांचं एकच, बाळ-बाळंतीण सुखरूप आहेत ना मग झालं तर. तो तीन वर्षांचा झाला तरी मायक्रोवेव्हची बीप वाजली की छातीत धडधडायचं, सॅव्हलॉनचा वास आला की मळमळायचं, त्याचा वाढदिवस जवळ आला की झोप उडायची, आणि सासूबाईंनी दुसऱ्या चान्सचा विषय काढला की मी उठून आत जायचे.

आधी एकीकडे दहा प्रश्नांचा फॉर्म भरून घेतला, स्कोअर कमी आला म्हणून तुम्ही ठीक आहात म्हणाले. इथल्या मॅडमनी पहिल्यांदा सांगितलं की तो फॉर्म डिप्रेशनचा, हे पीटीएसडी आहे, म्हणजे भयंकर प्रसंगाचा मनावर राहिलेला आघात, दोन्ही एकत्र असू शकतं पण एकच नाही. बाळंतपणानंतर १०० पैकी साधारण ४ जणींना होतं, कॉम्प्लिकेशन झालेल्यांमध्ये बरंच जास्त. आणि टाके किती पडले यावर ते ठरत नाही, त्या वेळी आपण मरतोय असं वाटलं का, कोणी विचारपूस केली का, यावर खूप असतं.

मॅडमनी हॉस्पिटलमधून केस पेपरची कॉपी मागायला लावली (मागितल्यावर ७२ तासांत द्यावीच लागते, हा नियम २००२ पासून आहे) आणि शेजारी बसून एकेक ओळ वाचली. मला वाटत होतं की मला तसंच टाकून दिलेलं, पण त्याच वेळेला ब्लड बँकेला फोन केल्याची नोंद होती, सिस्टरच्या गिचमिड अक्षरात. तिथे मी खूप रडले. मग ईएमडीआर सुरू केलं, म्हणजे तो प्रसंग आठवायचा आणि नजर त्यांच्या बोटामागे फिरवायची, डब्ल्यूएचओने २०१३ पासून पीटीएसडीसाठी सुचवलेलं आहे. आता बीप वाजली तर फक्त बीप ऐकू येते. ह्यांनाही एकदा बोलावलं, बाहेर कागदावर सही करताना हात कसा थरथरत होता ते हे पहिल्यांदाच बोलले.

लिफ्ट नाही, दुसरा मजला, सिझर झालेल्या बाईने चढायचं कसं याचा विचार करायला हवा होता. शनिवारची अपॉइंटमेंट लवकर मिळत नाही. बाळाला घेऊन गेलं तरी चालतं. फी दीड हजार, परवडत नसेल तर टेलि-मानस ही सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइन, १४४१६ लावा, फुकट आहे, चोवीस तास, मराठीत बोलतात.