महाराष्ट्राच्या जडणघडणीवरची फिल्म: तासाला कोणती लावावी?

तास ३५ मिनिटांचा असेल तर हजेरी आणि प्रोजेक्टरच्या जुळवाजुळवीत ८-१० मिनिटं जातात. म्हणून फिल्म १५ मिनिटांच्या आतली हवी. नववी-दहावीसाठी पर्याय मुख्यतः तीन.

संयुक्त महाराष्ट्राचा लढा किंवा १ मे १९६० शिकवायचा असेल, तर फिल्म्स डिव्हिजनचे जुने वृत्तपट आणि माहितीपट आधी शोधा. ही केंद्र सरकारची चित्रपटसंस्था १९४८ ची. तिच्या फिल्म चित्रपटगृहात मुख्य खेळाआधी दाखवायच्या असत, त्यामुळे त्या आटोपशीर आहेत. शिवाय त्या काळचे रस्ते, सभा, पोशाख खरेखुरे दिसतात. पण निर्मिती सरकारी, तेव्हा नाराजीचा सूर त्यात फारसा शोधू नका. विदर्भ-मराठवाड्याला न्याय्य वाटा देण्याचं वचन देणारा नागपूर करार (१९५३) आणि मराठी-गुजराती भाषकांचं द्विभाषिक मुंबई राज्य (१९५६) फळ्यावर तुम्हीच मांडा. निर्मितीचं साल आधी बघा: १९६५ च्या फिल्ममध्ये कोयनेची वीज दिसेल, ११ डिसेंबर १९६७ चा भूकंप कसा दिसणार? निवेदक एका दमात बोलतो, म्हणून कुठे थांबवायचं त्या जागा आधीच टिपून ठेवा. चित्र ४:३ चं असतं. प्रोजेक्टरवर तेच प्रमाण लावलं नाही तर नेते आडवे फुगतात आणि वर्ग हसत सुटतो.

शासनाच्या योजनांच्या प्रसिद्धीफिल्म रंगीत, मराठीत, सहज मिळणाऱ्या. इतिहासासाठी मात्र कुचकामी. विकासाच्या धड्याला चालतील, पण आकडे बहुधा सबंध राज्याचे असतात आणि विभागांमधली दरी त्यात बुडते. दांडेकर समितीला १९८४ च्या अहवालात अनुशेष, म्हणजे मागे पडलेल्या विभागांची विकासातली तूट, का मोजावा लागला, हे अशा फिल्मवरून कळणार नाही. भिंतीवर नकाशा लावा, पडद्यावर आलेल्या प्रत्येक गावाला मुलांकडून टिकली लावून घ्या आणि विदर्भ-मराठवाड्यात किती लागल्या ते मोजायला सांगा. धरण दाखवलं तर विस्थापितांचं काय झालं, हेही विचारा. राज्याचा पहिला पुनर्वसन कायदा १९७६ चा होता.

पाठ्यपुस्तकातल्या क्यूआर कोडच्या चित्रफिती उजळणीपुरत्या ठीक. दीक्षा ॲपवर आदल्या दिवशी उतरवून ठेवा. शाळेच्या नेटवर विसंबलात तर गोल चक्र बघत बसाल.

एचडीएमआय केबल जोडली की आवाज बऱ्याचदा प्रोजेक्टरच्या इवल्याशा स्पीकरमधून येतो आणि मागच्या बाकांना निवेदन कळत नाही. लॅपटॉपच्या साउंड सेटिंगमध्ये आउटपुट बदलून वेगळा स्पीकर जोडा.