थंडरबोल्टची सिक्युरिटी लेव्हल की आयओएमएमयू? डीएमए अटॅकसाठी कशावर भिस्त ठेवायची

डिस्क एन्क्रिप्ट केलीये, स्क्रीन लॉक केलीये म्हणजे झालं असं बरेच जण धरून चालतात, पण मशीन चालू असेल तर डिस्कची एन्क्रिप्शन की रॅममधेच पडलेली असते आणि डीएमए (डायरेक्ट मेमरी ॲक्सेस) करणारं डिव्हाइस सीपीयूला न विचारता थेट रॅम वाचतं. थंडरबोल्ट या बाहेरच्या वेगवान पोर्टमधून असं डिव्हाइस लावता येतं. २०१६ मधे उल्फ फ्रिस्कचं पीसीआयलीच हे टूल आलं आणि हे काम एक पीसीआय एक्सप्रेस बोर्ड आणि ते टूल एवढ्यावर आलं.

थंडरबोल्टची सिक्युरिटी लेव्हल, म्हणजे कुठल्या डिव्हाइसला जोडू द्यायचं हे ठरवणारं सेटिंग, हा दारावरचा वॉचमन. नवीन डिव्हाइस लावलं की परवानगी मागणार, तुम्ही हो म्हणालात की आत. पण एकदा आत सोडल्यावर ते कुठल्या खोलीत जातंय हे तो बघत नाही, आणि २०२० च्या थंडरस्पाय या संशोधनात ब्यॉर्न राउटेनबर्गने दाखवलं की लॅपटॉपचं मागचं झाकण उघडून थंडरबोल्ट कंट्रोलरच्या फ्लॅश चिपमधलं फर्मवेअर (हार्डवेअर चालवणारं मूळ सॉफ्टवेअर) बदललं की लेव्हलच शून्यावर येते, वॉचमनच गायब.

आयओएमएमयूचं, म्हणजे डिव्हाइस रॅममधे कुठे जातंय हे तपासणाऱ्या हार्डवेअरचं, तसं नाही. तिथे प्रत्येक डिव्हाइसला स्वतःचं पेज टेबल (रॅमची कुठली पेजेस, म्हणजे तुकडे, वापरता येतील याची यादी) मिळतं, त्याबाहेरचा पत्ता मागितला की फॉल्ट. म्हणून माझं मत सरळ याच बाजूला आहे. पण हेही अभेद्य नाही बरं का! मॅपिंग, म्हणजे डिव्हाइसला रॅम उघडून देणं, पेजच्या हिशोबाने होतं, पेज साधारण ४ केबीचं, आणि नेटवर्क पॅकेटचा बफर त्याहून लहान असला तर त्याच पेजवरचा शेजारचा कर्नलचा (ऑपरेटिंग सिस्टमच्या गाभ्याचा) डेटाही डिव्हाइसला दिसतो. २०१९ च्या थंडरक्लॅप या संशोधनात केंब्रिजवाल्यांनी खोटं नेटवर्क कार्ड बनवून अशाच फटींमधून आत शिरून दाखवलं. शिवाय लिनक्सवर लेझी मोड असेल तर काम संपल्यावरही मॅपिंग थोडा वेळ उघडं राहतं, स्ट्रिक्ट केलं की ते लगेच बंद होतं पण स्पीड थोडा खातं. मी तरी स्ट्रिक्टच ठेवते.

विंडोजवर हेच कर्नल डीएमए प्रोटेक्शन नावाने विंडोज १० च्या १८०३ व्हर्जनपासून आहे, पण त्याला फर्मवेअरचा सपोर्ट लागतो, त्यामुळे जुन्या लॅपटॉपवर नुसत्या अपडेटने ते येत नाही. सिस्टम इन्फर्मेशन उघडून त्या ओळीसमोर ऑन दिसतंय का ते आधी बघा. ऑन असेल तर लेव्हलच्या नादी फार लागायची गरज नाही. ऑफ असेल आणि बायोसमधूनही चालू होत नसेल तर थंडरबोल्ट बायोसमधूनच बंद करा किंवा फक्त डिस्प्लेपोर्टवर ठेवा, बिटलॉकरला (विंडोजच्या डिस्क एन्क्रिप्शनला) पिन लावा आणि मशीन सोडून जाताना स्लीप नको, पूर्ण शटडाऊन करा.